स्टीफन्सन लंडनमध्ये, बर्कली घाटात

मुंबई-ठाणे रेल्वेचं श्रेय रॉबर्ट स्टीफन्सनला दिलं जातं, पण तो जीआयपीचा (ही रेल्वे बांधणारी ग्रेट इंडियन पेनिन्सुला कंपनी) सल्लागार इंजिनिअर, बसायचा लंडनमध्ये. इथे १८५० पासून उन्हातान्हात राबला तो त्याच्याच हाताखाली तयार झालेला जेम्स बर्कली. ठाण्यापर्यंतचा मार्ग तसा सोपाच. खरी कसोटी बोरघाटाची: सुमारे २५ किलोमीटरमध्ये १,८३१ फूट चढण, २५ बोगदे आणि मध्येच गाडीची दिशा उलटवणारं रिव्हर्सिंग स्टेशन. (ही युक्ती मला बोगद्यांपेक्षा भारी वाटते!) १८६१ च्या सुमारास तिथे ४० हजारांवर मजूर होते, त्यांची नावं कुठे सापडायची? बर्कली आजारी होऊन मायदेशी परतला, १८६२ मध्ये वारला. घाटातली रेल्वे सुरू झाली १८६३ च्या एप्रिलमध्ये.