‘बोटस्वेन’ वाचलं आणि वर्ग हसला

प्रश्न (फोंड्याचा पोरगा):
जीपी रेटिंगच्या, म्हणजे जहाजावर खलाशी व्हायच्या कोर्सला आहे. काल मोठ्याने वाचताना बी-ओ-ए-टी-एस-डब्ल्यू-ए-आय-एन हा शब्द आला. मी दिसला तसा ‘बोटस्वेन’ वाचला. मागची बाकं खिदळली. उच्चार म्हणे ‘बोसन’! निम्मी अक्षरं गिळायचीच तर लिहायची कशाला? असे अजून कुठले खड्डे आहेत ते आधीच सांगा.

सासष्टीचा तारवटी:
अरे, मी बोसन म्हणूनच रिटायर झालो आणि पहिल्या जहाजावर मीसुद्धा ‘बोटस्वेन’च म्हटलं होतं. स्वेन म्हणजे पोऱ्या, हाताखालचा गडी. शब्द जुन्या नॉर्समधला. नाव पोऱ्याचं आणि डेकवरचे सगळे खलाशी त्याच्या हुकमात.

मुरगावच्या बाहेर नांगर टाकताना बोसन उभा राहतो तो नाळेवर, म्हणजे जहाजाच्या पुढच्या टोकाला, फोक्सलला. स्पेलिंगमध्ये अख्खा ‘फोरकॅसल’ आहे, कारण जुन्या लढाऊ जहाजांना पुढे खरंच किल्ल्यासारखा माच असे, तिरंदाजांसाठी. तिथून नांगराची साखळी मोजत ब्रिजला, म्हणजे जहाज हाकतात तिथे, ओरडून सांगायचं, ‘थ्री शॅकल्स ऑन डेक!’ एक शॅकल म्हणजे 27.5 मीटर. वारा असा की तोंडातला शब्द तोंडातच राहतो. तिथे ‘फोरकॅसल’ म्हणत बसशील तोवर साखळी अजून चार हात गेलेली असते. खलाशांनी शब्द दिवसभर ओरडून ओरडून झिजवले, स्पेलिंग मात्र कागदावर होतं तसंच राहिलं.

गनवेल दिसेल, तो ‘गनल’ म्हण, टनलसारखा. होडीच्या काठाची वरची कड. पूर्वी तोफा तिच्यावर टेकत. लीवर्ड म्हणजे वारा जिकडे जातो ती बाजू. जहाजावर तो ‘लूअर्ड’. हा मला वर्षभर जमला नव्हता.

डिचोलीची मास्तरीण:
तारवटी बाब, उलटी गंमतही आहे. आपला सारंग, म्हणजे खलाशांचा म्होरक्या, इंग्रजीत ‘सरँग’ झाला, तांडेलचा ‘टिंडल’ केला. 1886 सालच्या ‘हॉब्सन-जॉब्सन’ कोशात दोन्ही आहेत. त्यांनी आपले शब्द मोडले तेव्हा कुठला वर्ग हसला नाही!

आणि कर्नल? स्पेलिंगमध्ये ‘र’ कुठेच नाही. इंग्रजांनी शब्द आधी फ्रेंचमधून ‘कोरोनेल’ असा उचलला, मग स्पेलिंग इटालियन वळणाचं केलं. जिभेवर मात्र पहिला ‘र’ राहिला. पोर्तुगीजमध्ये अजून कोरोनेलच आहे, घरच्या म्हाताऱ्यांना विचार.

फोंड्याचा पोरगा:
म्हणजे सी-ओ-एक्स-एस-डब्ल्यू-ए-आय-एन हा ‘कॉक्सन’?

सासष्टीचा तारवटी:
होय. लहान बोटीच्या सुकाणूवरचा. तोही पोऱ्याच.

फोंड्याचा पोरगा:
देव बरें करूं. सोमवारी पहिल्या बाकावर बसतो.