रूल आउट लिहिलेलं असताना डिस्कचा कोड लावायचा का?

मालाडची_फिजिओ:
नमस्कार. बीपीटीएच (फिजिओथेरपीची पदवी) झालंय, आता मालाडला अमेरिकन इन्शुरन्स क्लेम्सचं कोडिंग करते, म्हणजे चार्टमधलं निदान ठरलेल्या कोडमध्ये लिहिते, रात्रपाळीत. एका चार्टवरून टीममध्ये वाद पेटलाय.

पेशंटची कंबर दुखते, कळ डाव्या पोटरीतून पावलाच्या बाहेरच्या कडेपर्यंत उतरते. डावा एसएलआर (पाय सरळ ठेवून उचलायची चाचणी) ४० अंशांवर पॉझिटिव्ह, डावा अँकल जर्क (घोट्याचा रिफ्लेक्स) मंद. असेसमेंटमध्ये डॉक्टरांनी एवढंच लिहिलंय: 'लो बॅक पेन विथ लेफ्ट सायाटिका. रूल आउट एल५-एस१ डिस्क हर्निएशन.' म्हणजे कंबरदुखी, सोबत डाव्या पायात उतरणारी नसेची कळ (सायाटिका), आणि कंबरेच्या तळाची डिस्क सरकलीय का ते तपासून बघायचंय. एमआरआय सांगितलाय, अजून झालेला नाही.

शेजारचा म्हणतो एम५१.१७ (तळाच्या डिस्कमुळे नस दबलेली) लाव. दुसरी म्हणते एम५४.५० (कंबरदुखी) आणि एम५४.३२ (डावी सायाटिका) असे दोन लाव. हाच पेशंट माझ्यासमोर टेबलावर असता तर एस१ची नस दबलीय असं मी छातीठोकपणे सांगितलं असतं. त्यामुळे एम५१.१७ सोडवत नाही. काय करू?

ठाण्याचा_ऑडिटर:
एम५४.४२, एकटाच.

ओपीडीच्या चार्टमध्ये 'रूल आउट', 'प्रॉबेबल', 'सस्पेक्टेड' असलं की तो आजार कोड होत नाही. जेवढं नक्की, तेवढंच लावायचं. (भरती पेशंटच्या डिस्चार्जला नियम वेगळा आहे, त्यात गल्लत करू नका.) दोन कोडही चालणार नाहीत. एम५४.५ आणि एम५४.३, दोन्हींखाली एक्सक्लूड्स वनमध्ये (सोबत लावायचे नाहीत अशा कोडच्या नोंदीत) एम५४.४ दिलाय. कंबर आणि सायाटिका एकत्र असली की एम५४.४, शेवटी १ म्हणजे उजवा, २ म्हणजे डावा.

ताई, तुमचा अंदाज बरोबर असेलही. पण निदान करायचं डॉक्टरांनी, आपल्यापुढे फक्त कागद आहे. उद्या एमआरआय साफ आला तर? न झालेली डिस्क त्या माणसाच्या रेकॉर्डला चिकटून बसेल आणि पुढचा प्रत्येक डॉक्टर ती वाचेल. मला हे क्लेम रिजेक्ट होण्यापेक्षा वाईट वाटतं.

परळ_रेकॉर्ड_रूम:
आम्ही हॉस्पिटलात डब्ल्यूएचओची मूळ आयसीडी-१० (आजारांच्या कोडची यादी) वापरतो, तुमची अमेरिकन आवृत्ती नाही. एम५४.४ लिहिलं की झालं, डावं-उजवं कोणी विचारत नाही. एक शंका: एमआरआयमध्ये हर्निएशन निघालं तर आधीचा क्लेम बदलायचा का?

ठाण्याचा_ऑडिटर:
नाही. त्या व्हिजिटला जे ठाऊक होतं तेच राहणार. पुढच्या व्हिजिटला डॉक्टरांनी 'एल५-एस१ हर्निएशन विथ रॅडिक्युलोपॅथी' (डिस्क सरकून नस दबलीय) लिहिलं की एम५१.१७, आणि मग एम५४.४२ काढायचा, कारण दुखण्याचं मूळ सापडलं. एल४-एल५ असेल तर एम५१.१६.

जाता जाता, नुसता एम५४.५ अजूनही जुन्या फॉर्मवर छापलेला दिसतो. १ ऑक्टोबर २०२१पासून तो चालत नाही; एम५४.५०, एम५४.५१ किंवा एम५४.५९ लागतो. डिस्क झिजल्याचे एम५१.३६ आणि एम५१.३७ यांनाही १ ऑक्टोबर २०२४पासून सहावं अक्षर लागतं. दुखणं कंबरेत, पायात की दोन्हीकडे, हे त्यात येतं. त्यामुळे डॉक्टरांनी काय लिहिलंय ते आता आणखी नीट वाचावं लागतं.

मालाडची_फिजिओ:
धन्यवाद दादा, एम५४.४२ लावला. एक्सक्लूड्स वनची नोंद उघडून दाखवल्यावर दुसरीला लगेच पटलं. शेजारचा अजून म्हणतोय, डॉक्टरांना क्वेरी तरी टाकूया. टाकायची का?

ठाण्याचा_ऑडिटर:
गरज नाही. डॉक्टरांनी बाजू लिहिलीय, शंकाही स्पष्ट लिहिलीय. बाजू नसती तर एम५४.४० लावून मोकळं होण्याआधी नक्की विचारा म्हटलं असतं. आणि क्वेरीत 'हर्निएशनच आहे ना?' असं कधीच विचारू नका. उत्तर आपणच त्यांच्या तोंडात घातल्यासारखं होतं.