घरच जळत असताना बातमी देणारा तटस्थ असतो का?

नदीकाठ:
२५ ऑक्टोबर २०२३. अल जझीरा या वृत्तवाहिनीचे गाझातले ब्युरो प्रमुख वाएल अल-दहदूह थेट प्रक्षेपणात असतानाच त्यांना घरची बातमी कळली. इस्रायली लष्कराने दक्षिणेकडे जायला सांगितलं, म्हणून त्यांनी घरच्यांना नुसेरातच्या निर्वासित छावणीत हलवलं होतं. बॉम्ब तिथेच पडला. पत्नी आमना, १५ वर्षांचा महमूद, ७ वर्षांची शाम आणि चिमुकला नातू आदम गेले. महमूदला बापासारखं पत्रकार व्हायचं होतं. त्याच्या कलेवरापाशी बसून दहदूह म्हणाले, "आमचा सूड लेकरांवर उगवतात? मआलेश." मआलेश म्हणजे आपलं 'असू दे'. 'प्रेस' लिहिलेल्या त्याच जाकिटात त्यांनी जनाज्याची नमाज पढवली आणि लगेच पुन्हा कामावर उभे राहिले.

माझे एक स्नेही म्हणाले, "हा आता पत्रकार नाही, पक्षकार झाला." मला हे फार लागलं. इस्रायल परदेशी पत्रकारांना गाझात मोकळेपणी जाऊ देत नाही. लष्कर नेईल तिथे जायचं, दाखवेल तेवढं बघायचं. मग उरतात ते तिथलेच. त्यांनाही घर गेलं म्हणून बाद केलं, तर सांगणार कोण?

उंबरठा:
मी तुमच्या स्नेह्यांच्या बाजूचा. दहदूहांचं दुःख खरं आहे, धैर्यही खरं आहे. माझी शंका त्यांच्या सचोटीबद्दल नाहीच. मार्च २०१९ मध्ये महागाई आणि करांना वैतागून लोक 'आम्हाला जगायचंय' म्हणत गाझात रस्त्यावर आले, तेव्हा तिथली सत्ता हातात असलेल्या हमासने आंदोलकांबरोबर पत्रकारांनाही झोडपलं. अशा जागी राहणारा माणूस काय दाखवू शकत नाही, हे आपल्याला कसं कळणार? त्यात वाहिनीला पैसा कतारचा. ७ ऑक्टोबर २०२३ ला हमासच्या हल्ल्यात इस्रायलमध्ये सुमारे १२०० माणसं मारली गेली. त्यांच्या घरच्यांना या पडद्यावर तेवढीच जागा मिळाली, असं मला वाटत नाही.

नदीकाठ:
जागेचा मुद्दा मान्य. पण २०१९ मध्ये मार खाल्ला तो गाझातल्याच पत्रकारांनी ना? म्हणजे हमासची बातमीही जिवावर उदार होऊन तेच देत होते. आणि ही वाहिनी इस्रायलने मे २०२४ मध्ये बंद केली, तशी वेस्ट बँकेतला कारभार बघणाऱ्या पॅलेस्टिनी प्राधिकरणानेही जानेवारी २०२५ मध्ये थांबवली. एवढ्याने ती निर्दोष ठरत नाही, हे मीही म्हणतो.

सायली_प:
तुम्ही दोघं तटस्थतेवर भांडताय, मला तो माणूस दिसतोय. १५ डिसेंबरला खान युनिसच्या एका शाळेत ड्रोनचा हल्ला झाला. दहदूह जखमी हाताने कसेबसे बाहेर आले. त्यांचे कॅमेरामन समेर अबू दक्का तिथेच पडून राहिले. रुग्णवाहिका पोचू शकली नाही आणि पाच तासांहून जास्त वेळ रक्त वाहून ते गेले. ७ जानेवारी २०२४ ला थोरला मुलगा हमजा गाडीवरच्या इस्रायली हल्ल्यात गेला, तोही पत्रकारच. दहदूह गाझाबाहेर पडले ते १६ जानेवारीला, उपचारांसाठी. मधल्या पावणेतीन महिन्यांत आपण सगळ्यांनी त्यांना 'पहाड' म्हटलं. पहाड म्हटलं की त्याला रडायची सोय उरत नाही. मुलाच्या कलेवराशी बसलेल्या बापावर कॅमेरा रोखलेलाच होता, याचं मला आजही वाईट वाटतं.

नदीकाठ:
सायलीताई, तो कॅमेरा नसता तर 'मआलेश' आपल्यापर्यंत आलं नसतं. पण तुमचं म्हणणं खोडायला माझ्याकडे शब्द नाहीत.

उंबरठा:
ताईंशी सहमत. हमजाबद्दल मात्र एक सांगायला हवं. तो इस्लामिक जिहाद या सशस्त्र संघटनेचा होता, असं इस्रायली लष्कराचं म्हणणं. कुटुंबाने आणि वाहिनीने ते साफ नाकारलं. बापाने दिलेली बातमी इथे पुरावा म्हणून कशी धरायची?

नदीकाठ:
नका धरू. हमजा आणि त्याचा सहकारी मुस्तफा थुराया त्या दिवशी ड्रोनने चित्रण करत होते. ते चित्रण 'वॉशिंग्टन पोस्ट'ने मिळवून तपासलं. त्यात ना सैनिक होते, ना लष्करी सामान. मार्च २०२४ मध्ये ते छापून आलं.

उंबरठा:
मग माझंच म्हणणं खरं झालं. बाहेरच्या कुणी तपासलं तेव्हा मला पटलं. नुसत्या बापाच्या शब्दावर नसतं पटलं.

नदीकाठ:
तपासलं बाहेरच्यांनी. पण तपासायला चित्रण होतं ते गाझातल्याच मुस्तफामुळे. हमजाबरोबर त्याच गाडीत तोही गेला.