महाल ते चितार ओळ: कलावारशाची पायी फेरी कधी आणि कशी आखावी?

ओसरी
शाळांमधल्या चित्रकला शिक्षकांचा १४ जणांचा गट नागपुरात येणार आहे. माहितगार सोबत घेऊन महाल-इतवारी भागात एक सकाळ पायी फिरायचं आहे. नुसत्या इमारती नकोत; लाकूडकाम, देवळांचं कोरीव काम, मूर्तिकला, मारबतींचे मिरवणुकीतले पुतळे हे सगळं समजून घ्यायचं आहे. तारखेचे दोन पर्याय आहेत, पोळ्याच्या सुमारास किंवा नोव्हेंबरचा तिसरा आठवडा. कोणता घ्यावा? सुरुवात कुठून करावी? तीन तासांत काय होतं आणि काय सोडून द्यावं? दोघांना गुडघ्याचा त्रास आहे.

शुक्रवारीकर
आधी तारखेचं ठरवा, कारण त्यावर बाकी सगळं अवलंबून आहे. नोव्हेंबरात हवा उत्तम असते आणि १९ ते २५ नोव्हेंबर हा जागतिक वारसा सप्ताह असल्यामुळे माहितगार मिळणंही सोपं जातं. पण तेव्हा गणपती आणि दुर्गा दोन्हींचा हंगाम सरलेला असतो. चितार ओळीत, म्हणजे मूर्तिकारांच्या गल्लीत, ओली माती बघायची असेल तर श्रावणाला पर्याय नाही. तुमचा गट चित्रकला शिक्षकांचा आहे, म्हणून पावसाची गैरसोय सोसून पोळ्याच्या आधीचा आठवडा धरा.

मारबत निघते पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी, म्हणजे तान्ह्या पोळ्याला. काळी मारबत १८८१ पासून आणि पिवळी १८८५ पासून निघते. नेमक्या त्या दिवशी फेरी ठेवू नका. रस्ते बंद असतात, गर्दीत १४ जण एकत्र राहत नाहीत आणि "ईडा पीडा घेऊन जा गे मारबत"च्या गजरात माहितगाराचा शब्द ऐकू येत नाही. त्याआधीचे काही दिवस मारबती दर्शनासाठी उभ्या असतात. तेव्हा गेलात तर चेहऱ्याची रंगवणी, कापड, कामट्यांचा सांगाडा हे सगळं हातभर अंतरावरून दिसतं. मिरवणूक बघायचीच असेल तर ती वेगळा दिवस काढून बघा.

मार्ग असा ठेवा: सकाळी ७ वाजता गांधी गेट, तिथून महालातले वाडे आणि देवळं, मग बडकस चौक आणि शेवटी चितार ओळ. उलट्या दिशेने जाऊ नका. मूर्तिकारांच्या शेडमध्ये खरं काम नऊ-साडेनऊनंतर सुरू होतं. सातला पोचलात तर झाकलेल्या मूर्ती बघून परत फिराल. वाड्यांचं मात्र उलटं आहे. दहानंतर दुकानांचे छत आणि टांगलेला माल यांत दर्शनी भाग झाकला जातो, शिवाय दुचाक्यांमुळे उभं राहायला जागा उरत नाही.

न थांबता चाललं तर हे अंतर साधारण वीस मिनिटांचं आहे, त्यामुळे गुडघ्यांची चिंता नको. त्रास होतो तो उभं राहण्याचा. म्हणून थांबे सहाच ठेवा आणि त्यातले दोन तरी ओटा किंवा पायऱ्या असलेले निवडा. शेवट चितार ओळीत केला की मध्य मार्गावर (सेंट्रल अव्हेन्यू) चितार ओळ चौक मेट्रो स्थानक आहे. तिथून सीताबर्डीला परतणं सोपं.

तर्री-पोह्यांचा थांबा शेवटी घ्या. मध्ये घेतलात तर अर्धा तास गेलाच समजा.

खांब_तुळई
वाड्यांबद्दल लिहितो, कारण बहुतेक फेऱ्यांत तिथे "किती जुना आहे" एवढंच सांगून पुढे नेतात. भोसलेकालीन वाडा वाचायचा तर खालून वर वाचा. जमिनीलगत दगडी तळखडा, त्यावर सागवानी खांब, खांबाच्या माथ्यावर दोन्ही बाजूंना निघालेले हस्त, हस्तांवर तुळई, तुळईवर कडीपाट, म्हणजे कड्या आणि फळ्यांचं छत. दोन खांबांमधली महिरप बऱ्याचदा फळ्या कापून बसवलेली असते. ती वजन पेलत नाही, शोभेची असते. वजन जातं ते तुळईवरून हस्तांत आणि हस्तांतून खांबात. एवढं कळलं की कोरीव काम कुठे खोल आहे आणि कुठे उथळ, याचं कारणही कळतं: जिथे भार आहे तिथे कारागीर लाकूड कमी काढतो.

आता बिघाड कुठे होतो ते बघा. तळखडा मुळात फरशीच्या वर असतो, लाकडाला ओल लागू नये म्हणून. पुढे कुणी तरी सिमेंटची लादी टाकतं, जमीन चार-सहा बोटं वर येते आणि तळखडा तिच्याखाली बुडतो. मग धुण्याचं पाणी थेट खांबाच्या बुडाशी मुरतं. खांब वरून ठणठणीत दिसतो, पण बुडाशी वीतभर भाग काळा पडलेला असतो. बोटाने टकटक केलं की पोकळ आवाज येतो. नुसतं टकटक करा, कोरून बघू नका. तिथे लोक राहतात.

दुसरं नुकसान तैलरंगाचं. सणाला रंग देताना थरावर थर चढतात आणि पाकळीच्या कडा बुजतात. देवळांच्या दगडी कोरीव कामावरही हेच झालेलं दिसतं. शिक्षकांना सांगा, रंगवलेल्या भागावर तिरपा उजेड पडेल अशा बाजूने उभे राहा. समोरून फूल सपाट दिसतं, कडेने पाहिलं की त्याची खोली कळते. सकाळी सातची वेळ धरायला मला हेही एक कारण वाटतं.

चिटणीस वाडा असो की दुसरा कुठला, ही खासगी घरं आहेत. परवानगी आठ दिवस आधी घ्या, संख्या सांगा आणि ठरलेली वेळ पाळा.

ओसरी
पोळ्याच्या आधीचा आठवडा पक्का केला. माहितगार निवडताना काय विचारावं? आणि अजब बंगला, म्हणजे संग्रहालय, त्याच दिवशी बसेल का?

पायवाट
तीन गोष्टी विचारा.

एक, "किती थांबे?" बारा म्हणाले तर नको. दर थांब्याला १४ जण गोळा व्हायलाच तीन-चार मिनिटं जातात, तीन तासांत बारा थांबे म्हणजे बघणं कमी आणि चालणं जास्त.

दोन, "काळ्या मारबतीचा बाकाबाईंशी काय संबंध?" ही गोष्ट नागपुरात घरोघरी सांगतात: नागपूरकर भोसले घराण्यातल्या राणी बाकाबाई इंग्रजांना मिळाल्या, त्याच्या निषेधातून काळी मारबत आली. चांगला माहितगार ती जरूर सांगेल, पण "असं सांगतात" म्हणून. नोंद आणि आख्यायिका यांत जो फरक करतो तो देवळांबद्दलही नीट बोलेल. तसंच गांधी गेटचं जुनं नाव जुम्मा दरवाजा आणि शेजारचा शुक्रवारी तलाव म्हणजे जुम्मा तलाव; या दोन्हींची सांगड गोंड राजा बख्त बुलंद शाहाचा मुलगा चांद सुलतान याच्या काळाशी घालता आली पाहिजे. नागपूर भोसल्यांपासून सुरू होतं असं सांगणारा गोंड राजांचा आख्खा काळ गाळतो. बख्त बुलंदाने शहर वसवलं ते १७०२ मध्ये.

तीन, "मूर्तिकारांशी आधी बोललात का?" हा प्रश्न सगळ्यात महत्त्वाचा. हंगामात त्यांचा एकेक तास पोटापाण्याचा असतो. १४ जण एकदम शेडमध्ये शिरले की काम थांबतं, कुणाचा तरी धक्का ओल्या हाताला लागतो आणि बोट तुटतं. सात-सातचे दोन गट करा, १५ मिनिटांपेक्षा जास्त थांबू नका आणि कारागिराच्या वेळेचे पैसे आधीच ठरवून द्या. कॅमेऱ्याचा फ्लॅश बंद.

वारसा जपण्याचं काम करणाऱ्या इंटॅक संस्थेच्या नागपूर शाखेकडे चौकशी करा. हातातला लाऊडस्पीकर आणणाऱ्याला नको म्हणा. बोळात आवाज घुमतो आणि घरं जागी होतात.

ओली_माती
शेडमध्ये काय बघायचं ते थोडक्यात. पाटावर लाकडी कणा, त्याला सुतळीने आवळलेलं तणस (भाताचा पेंढा), त्यावर भुसा मिसळलेली जाडी माती, ती आटल्यावर चाळलेली बारीक माती. माती एका दिवसात चढवत नाहीत. वरचा थर आधी वाळून आकसतो, आत ओल असते, म्हणून तडा जातो. पावसाळ्यात उलटी अडचण येते: हवेत ओल असल्याने माती वाळतच नाही, आणि घाई करून जवळ पंखा किंवा शेगडी लावली की तडे हमखास. मानेच्या आणि दंडाच्या सांध्यावर बघा, कापडाची पट्टी मातीच्या पातळ काल्यात बुडवून चिकटवलेली दिसेल. तो तडा सांधलेला असतो.

मग पांढरा हात, म्हणजे रंगाआधीचा पांढरा थर. खडूची भुकटी आणि डिंक यांचं प्रमाण चुकलं तर दोन तऱ्हांनी कळतं. डिंक कमी पडला तर बोटाला पांढरं लागतं, जास्त झाला तर वाळल्यावर पापुद्रे सुटतात. रंगात अंगाचा रंग आधी, वस्त्र नंतर, दागिने त्यानंतर आणि डोळ्यांची आखणी सगळ्यात शेवटी. आखणी चालू असेल तर दारातच थांबा. वरच्या पापणीची रेघ एका श्वासात, ब्रश न उचलता ओढतात. मध्ये कुणी बोललं तर रेघ पुसून तिथला पांढरा हात पुन्हा द्यावा लागतो.

रेनकोट आणा, छत्री नको. शेडमध्ये आणि बोळात छत्रीची काडी मूर्तीला लागते.

खांब_तुळई
अजब बंगला त्याच दिवशी कोंबू नका. १८६३ चं संग्रहालय आहे, आणि शिल्प, आदिवासी कला व अकोला जिल्ह्यातल्या राजनापूर खिनखिनीचे जैन कांस्य एवढंच बघायला दोन तास लागतात. सोमवारी बंद असतं. दुसऱ्या दिवशी सकाळी झीरो माईल मेट्रो स्थानकावर उतरून आधी झीरो माईलचा चार घोड्यांचा खांब बघा, मग चालत संग्रहालयात जा. वेळ उरला तर हेन्री मेड यांनी आराखडा केलेली, १९४० मध्ये सुरू झालेली उच्च न्यायालयाची इमारत रिक्षाने जाऊन बाहेरून बघता येईल.

ओसरी
सात-सातचे गट, सहा थांबे, मंगळवारी महाल आणि बुधवारी अजब बंगला असं ठरवते. वाड्यांच्या मालकांना आणि चितार ओळीत या आठवड्यातच भेटून येते.

शुक्रवारीकर
ताई, चितार ओळीत दुपारी दोन ते तीनच्या दरम्यान जा. तेव्हा हात धुऊन जेवायला बसलेले असतात, बोलायला सवड असते. गांधी गेटला गाड्या लावायला जागा नाही हेही गटाला आधीच सांगून ठेवा.