'भोंगा वाजताच' की 'वाजता वाजता'? बझर-बीटरला मराठीत काय म्हणाल?

अर्धविराम
शाळकरी मुलांच्या एका मासिकात खेळांतल्या गाजलेल्या शेवटच्या क्षणांवर सदर चालतं, त्याचं भाषांतर मी करते. या वेळी वाट्याला आलाय अमेरिकेतल्या कॉलेज बास्केटबॉलचा २०१६ चा अंतिम सामना. ४ एप्रिल, ह्यूस्टन, व्हिलानोवा विरुद्ध नॉर्थ कॅरोलायना. ७४-७४ बरोबरी, घड्याळात ४.७ सेकंद शिल्लक, आणि क्रिस जेन्किन्सने तीन गुणांच्या रेषेच्या बऱ्याच मागून मारलेला शॉट. ७७-७४, खेळ खल्लास.

मी लिहिलं होतं, "भोंगा वाजताच जेन्किन्सने चेंडू बास्केटकडे फेकला." भाचा कॉलेजात खेळतो. वाचून म्हणाला, "मावशी, मग तो बास्केट बाद. तू मॅच ओव्हरटाइममध्ये नेलीस." मी म्हटलं, वाजताच म्हणजे त्याच क्षणी. तो म्हणे, वाजताच म्हणजे वाजल्यावर लगेच. रात्री जेवणाच्या ताटावर वाद झाला, मेहुण्यांनी त्याची बाजू घेतली, बहीण कोणाचीच घेईना.

तर प्रश्न दोन. (१) 'वाजताच' चूक का? (२) 'बझर-बीटर' (वेळ संपल्याचा भोंगा वाजायच्या अगदी काठावर सुटलेला बास्केट) या नामाला मराठीत काही आहे का? जाणकारांनी प्रकाश टाकावा.

तत्सम
भाचा बरोबर आहे. "घंटा वाजताच मुले पळाली" यात आधी घंटा, मग मुले. आमच्या वेळी जो घंटेच्या आधी पळे त्याला छडी मिळे. 'वाजण्यापूर्वी' लिहा, प्रश्न मिटला. नामासाठी 'समाप्तिपूर्व क्षेप'.

खवचट
'समाप्तिपूर्व क्षेप' वाचून पोरं मासिकाचं विमान करतील. तेही समाप्तीपूर्वीच.

लालबागकर
'वाजण्यापूर्वी'ने मिटत नाही हो. सामना सुरू झाल्यापासून सगळेच बास्केट भोंगा वाजण्यापूर्वीचे. मजा तर काठावरची आहे. 'भोंगा वाजता वाजता' म्हणा.

अर्धविराम
'वाजता वाजता' मलाही सुचलं होतं, पण "पडता पडता वाचला" म्हणजे पडलाच नाही. "रडता रडता हसला" यात मात्र रडला आणि हसलाही. मग 'वाजता वाजता'त भोंगा वाजला की नाही?

तत्सम
पुढचे क्रियापद ठरवते. 'वाचला', 'राहिला' आले की आधीची क्रिया हुकते, एरवी होते. आपला संशय रास्त आहे, पण तो मराठीचा दोष नव्हे.

फिलीकर
मी इथे फिलाडेल्फियाच्या उपनगरात राहतो, व्हिलानोवा घरापासून पंधरा मिनिटांवर. सामना सोमवारी रात्री होता, दुसऱ्या दिवशी ऑफिस, तरी जागलो. खेळातलं फार कळत नाही, पण तो शेवट इतक्यांदा पाहिलाय की डोळे मिटून सांगतो.

साडेपाच मिनिटं राहिली असताना व्हिलानोवाला दहाची आघाडी होती. ती विरघळली. शेवटी तीनची उरली. मग नॉर्थ कॅरोलायनाच्या मार्कस पेजने उडी मारली, समोर अडवायला माणूस आला तसे हवेतच हात आवरले, पुन्हा वर नेले आणि तोल गेलेल्या अवस्थेत तीन गुणांचा शॉट लावला. ७४-७४. आमच्या घरात कोणीतरी "गेली मॅच" म्हणालं (मीच).

व्हिलानोवाने टाइमआउट घेतला. जेन्किन्सने रेषेबाहेरून चेंडू रायन आर्चिडियाकोनोला दिला. रायन धावत मैदान ओलांडून गेला आणि जेन्किन्स त्याच्या मागोमाग, "आर्च, आर्च" असं ओरडत. सगळे रायनकडे बघतायत. चेंडू आत देणाऱ्याकडे नंतर कोण बघतं? रायनने खालच्या हाताने चेंडू मागे सारला, याने एका लयीत उचलून सोडला. चेंडू हातातून सुटला तेव्हा भोंगा व्हायचा होता, चेंडू हवेत असताना भोंगा झाला आणि आत पडला तेव्हा होऊन गेला होता. तुमच्या वाक्यात या तिन्ही गोष्टी आल्या पाहिजेत. नुसतं 'आधी' नको आणि नुसतं 'नंतर'ही नको.

चढाई
हे कबड्डीवाल्याला विचारा ना. वेळ संपली तरी सुरू झालेली शेवटची चढाई पुरी होऊ देतात. चढाई वेळेत सुरू झाली म्हणजे झालं, निकाल वेळेबाहेर लागला तरी चालतो. तत्त्व तेच. आमच्याकडे त्याला वेगळं नाव नाही. "शेवटच्या रेडला मारली" म्हणतात, सगळ्यांना कळतं.

तत्सम
'रेड'? चढाई हे आपले नाव घेऊन 'रेड' म्हणता?

चढाई
मैदानावर तेच म्हणतात काका. नाव घेतलं ते इथे लिहायला.

माजी पंच
वीस वर्षं जिल्हा पातळीवर बास्केटबॉलला शिट्टी फुंकली. एक दुरुस्ती. शिट्टी पंचाची आणि भोंगा टेबलाचा, वर्तमानपत्रवाले 'अंतिम शिट्टी' लिहितात ते फुटबॉलचं. बास्केटबॉलमध्ये वेळ भोंगा संपवतो. फळ्याभोवती दिवे असतील तर तेही लागतात आणि आम्ही आवाजापेक्षा दिव्यावर भरवसा ठेवतो, कारण प्रेक्षकांत आवाज बुडतो. बघायचं एकच, दिवा लागला तेव्हा चेंडू बोटांना चिकटलेला होता का. खेळाडू आमच्याशी भांडायचे ते "सुटला होता" एवढ्याच शब्दावर. "सर, सुटला होता!" मला विचाराल तर 'सुटलेला' हाच शब्द धरा. भोंग्याआधी सुटलेला बास्केट.

खवचट
बास्केट सुटलेला की चेंडू? आणि बास्केट तो की ती की ते?

माजी पंच
तो. "बास्केट झाला."

फिलीकर
आम्ही शाळेत "बास्केट झाली" म्हणायचो. टोपली म्हणून ती.

अर्धविराम
"बास्केट झालं" म्हणणारेही भेटलेत. कृपया हा धागा वेगळा काढा, माझं काम उद्या द्यायचंय.

लालबागकर
मी भोंग्यावर बोललोच नाही अजून. आजोबा गिरणीत होते. पहिल्या पाळीचा भोंगा सातला. घरात शब्द होता 'भोंगा गाठणे', जसं गाडी गाठणे. "आज भोंगा गाठला" म्हणजे भोंगा थांबायच्या आत फाटकातून आत. आजी सांगायची, एकदा यांची चप्पल फाटकाबाहेर राहिली आणि हे आत. त्या दिवशीचा खाडा वाचला. ८२ च्या संपानंतर तो भोंगा गेला, पण आमच्याकडे अजून कोणी कशीबशी लोकल पकडली की आई म्हणते, "गाठलास का भोंगा?" जेन्किन्सने दुसरं काय केलं? भोंगा गाठला. इंग्रजीत त्याला हरवतात, आपण गाठतो.

अर्धविराम
हे आवडलं. पण 'गाठला'मधून मुलांना वाटेल भोंग्याच्या जागेपर्यंत पोचला.

खवचट
शिवाय भोंगा म्हटलं की हल्ली वेगळंच राजकारण सुरू होतं. तुतारी म्हणाल तर ते निवडणूक चिन्ह. आता वाजणारी एकही निष्पाप वस्तू उरलेली नाही.

तत्सम
म्हणूनच संस्कृतकडे जावे. 'महापौर', 'दिनांक' यांनाही लोक हसलेच होते. सावरकरांनी दिले, आज त्यांवाचून पान हलत नाही.

लालबागकर
आणि 'पायचीत'? 'त्रिफळा'? बाळ ज. पंडित रेडिओवर मराठीतून क्रिकेट सांगायचे तेव्हा घरोघरी ते शब्द रुजले. 'चीत' आलं कुस्तीच्या आखाड्यातून, त्रिफळा वैद्याच्या बाटलीतून. शब्द असा आपल्या दुसऱ्या खेळातून, दुसऱ्या धंद्यातून उचलून आणावा लागतो, कोशातून काढून चिकटवता येत नाही. 'समाप्तिपूर्व क्षेप' कोणत्या आखाड्यातला?

तत्सम
'महापौर' कोणत्या आखाड्यातला होता?

चढाई
महापालिकेच्या. 😄

घटिकापात्र
उशिरा आलो. माझं नाव बघून कळलं असेल, मी 'घटका भरली'चा माणूस. तळाला भोक पाडलेली वाटी पाण्यावर तरंगत ठेवायची, ती भरून बुडाली की एक घटका. भरली म्हणजे वेळ संपली. आज नुसतं 'घटका भरली' म्हटलं तर माणूस गेला असं वाटतं, पण 'भरत्या घटकेचा बास्केट' कसं वाटतं? वाटी बुडायला आलीय, पुरती बुडालेली नाही.

आता गंमत ऐका. दिवसाच्या साठ घटका, म्हणजे घटका २४ मिनिटांची. घटकेची साठ पळे, म्हणजे पळ २४ सेकंदांचं. एनबीएत, म्हणजे अमेरिकेतल्या व्यावसायिक बास्केटबॉलमध्ये, शॉट घ्यायला २४ सेकंद देतात, म्हणजे नेमकं एक पळ! (कॉलेजात ३० देतात. ती मर्यादाही त्याच हंगामात ३५ वरून खाली आणलेली.) पळाची साठ विपळे, विपळ ०.४ सेकंदाचं. मग ४.७ सेकंद म्हणजे किती? भागून बघा. पावणेबारा विपळे. बरोब्बर पावणेबारा. मासिकात हे टाकाच.

माजी पंच
भागून बघितलं. खरंच पावणेबारा.

खवचट
पंचांनी रिप्ले पाहिला.

अर्धविराम
पावणेबारा विपळे चौकटीत टाकते! पण 'भरत्या घटकेचा'ने माझी आई दचकेल. तिच्या लेखी ते आजारी माणसाबद्दलच बोलतात. क्रियापदाचं सध्या असं जुळवलंय: "भोंगा वाजतो न वाजतो तोच चेंडू हातातून सुटला." कसं?

माजी पंच
बाद. 'वाजतो न वाजतो तोच' म्हणजे वाजायला सुरुवात झाली. दिवा लागला. मी हात हलवून बास्केट रद्द करणार.

फिलीकर
उलटं करा. "चेंडू हातातून सुटतो न सुटतो तोच भोंगा वाजला." आता बास्केट चांगला.

तत्सम
वाक्य निर्दोष. पण 'चांगला' नव्हे, 'वैध'.

लालबागकर
'चांगली'. टोपली ना ती?

अर्धविराम
फिलीकर, 🙏. हेच घेते. इतका वेळ मी भोंग्याला पुढे बसवत होते. नाम अजून अधांतरी आहे.

फिलीकर
चेंडूही तेव्हा अधांतरीच होता.
अवांतर, पण राहवत नाही. जेन्किन्स ज्या कुटुंबात वाढला त्यांचा मुलगा नेट ब्रिट समोरच्या नॉर्थ कॅरोलायना संघात होता. ते कुटुंब जेन्किन्सचं कायदेशीर पालक. आईबापांनी त्या रात्री कुठे बघायचं? आणि याला मराठीत काय म्हणणार? दत्तक भाऊ नव्हे, मानलेला भाऊही नव्हे. मानलेला म्हटलं की राखी बांधलेला वाटतो.

चढाई
भाऊ म्हणा. घरात वाढला ना?

फिलीकर
आणखी एक. ते शेवटचे ४.७ सेकंद सुरू होण्याआधी व्हिलानोवाचा उंच खेळाडू डॅनियल ओचेफू याने स्वतः दांड्याचा पोछा हातात घेऊन मैदानाच्या मध्याजवळची ओली जागा पुसली. त्याला तिथेच आडवं उभं राहून रायनला वाट करून द्यायची होती, आणि पाय घसरला असता तर सगळं मुसळ केरात. ७४ हजार लोक बघतायत आणि हा उंचाडा बाप्या खाली वाकून फरशी पुसतोय. शॉटपेक्षा मला तेच जास्त आठवतं.

अर्धविराम
हे माझ्या इंग्रजी मजकुरात नाहीच! घालते. "ओचेफूने फरशी पुसली."

लालबागकर
लादी पुसली.

तत्सम
लादी हा मुंबईचा शब्द. फरशी योग्य. आणि 'पोछा' हिंदी आहे.

लालबागकर
फरशी तरी कुठली? फारसीच ना? मुंबईत दोन पिढ्या लादीच पुसतायत.

माजी पंच
दोन्ही चूक. बास्केटबॉलचं मैदान लाकडी पट्ट्यांचं असतं. लाकडाला ना फरशी म्हणत, ना लादी.

घटिकापात्र
आमच्या वाड्यात माडीवर लाकडी जमीन होती. तिला आम्ही जमीनच म्हणायचो. 'जमीन पुसली.'

खवचट
मुलांना वाटेल शेतात गेला.

तत्सम
आणि पोछ्याला 'पोतेरे'.

चढाई
पोतेरं शेणाने सारवायला असतं काका. कॉलेजच्या फायनलला सारवतील होय?

तत्सम
मग 'फडके'.

लालबागकर
फडकं हाताचं, दांड्याचं वेगळं. आमच्या आईकडे दोन्ही आहेत, संध्याकाळी विचारून सांगतो.