मदत हवी आहे: धूमकेतू नक्की कुठे शोधायचा? बाबांना दाखवायचाय (पुणे)

नमस्कार मंडळी, आज १४ ऑक्टोबर २०२४. तो त्सुचिनशान-अ‍ॅटलस धूमकेतू पुण्यातून कुणाला दिसला का? आमच्या बाबांनी १९९७ साली हेल-बॉप गावी अंगणातून बघितला होता, साध्या डोळ्यांनी, शेपटीसकट, आणि अजून त्याबद्दल बोलतात. आता ते ७४ वर्षांचे आहेत, मोतीबिंदूचं ऑपरेशन झालंय, हा धूमकेतू त्यांना दिसावा असं मला मनापासून वाटतंय. काल आणि परवा आम्ही टेकडीवर गेलो, १० बाय ५० ची दुर्बीण आहे, पण पश्चिमेला खाली ढगांचा पट्टा आणि धुरकट, शुक्र तेवढा दिसला बाकी काही नाही. दसऱ्याला तो पृथ्वीच्या सगळ्यात जवळ होता म्हणतात, साधारण ७ कोटी किमी, मग आता संधी गेली का? आणि कोजागिरी परवावर आलीय, चांदण्यात काय दिसणार, की पौर्णिमा उलटेपर्यंत थांबू?

प्रतिसाद १
थांबू नका हो! जवळ होता तेव्हा तो सूर्याच्या बाजूलाच होता, संधिप्रकाशात बुडालेला. आता रोज थोडा वर येतोय पण त्याचबरोबर अंधुकही होत चाललाय, पौर्णिमेनंतर आकाश काळं मिळेल पण धूमकेतू फिका झालेला असेल. आजच जा. पावणेसात ते सव्वासात ही वेळ धरा. शुक्र डावीकडे, उजवीकडे तांबूस स्वाती, दोघांच्या साधारण मध्यावर, किंचित वर. चंद्र पूर्वेला म्हणजे तुमच्या पाठीशी आहे, त्याची एवढी काळजी नको. दुर्बीण आधी शुक्रावर फोकस करा, तो टिपक्यासारखा बारीक दिसला की चाकाला हात लावायचा नाही, मग हळूहळू उजवीकडे सरकवा.

प्रतिसाद २
माझा अनुभव सांगतो, आधी मोबाईलने शोधा. फोन कठड्यावर टेकवून नाइट मोडमध्ये ५-१० सेकंदांचा फोटो काढा, डोळ्याला न दिसणारी शेपटी फोटोत येते, मग कुठल्या झाडाच्या वर आहे ते कळतं आणि दुर्बीण तिथेच लावायची. काकांना पाठीची खुर्ची द्या आणि कोपरं टेकू द्या, उभं राहून हात हलतात आणि एवढी पुसट वस्तू हललेल्या दुर्बिणीत दिसतच नाही. आणि अगदी रोखून बघायचं नाही, नजर जरा बाजूला ठेवली की अंधुक गोष्ट जास्त कळते.

धागाकर्ता (१६ ऑक्टोबर, रात्री)
दिसला!!! सोमवारी ढगच होते, काल नुसत्या फोटोत आला, आज बाबांना दाखवला. चंद्र होता तरी. पांढुरकं बोंडासारखं डोकं आणि वर जाणारी शेपटी, पुसट, पण बाबांनी मी न सांगता हाताने बरोबर दिशा दाखवली, म्हणजे त्यांना खरंच दिसली. मोजून वीस मिनिटं दुर्बीण सोडली नाही त्यांनी, दूध थंड झालं. कोपरं टेकवायची युक्ती फार कामाला आली, दोघांचेही मनापासून आभार. आता ते विचारतायत उद्या कुठे असेल, तर शुक्रापासून किती वर बघायचं कुणी सांगेल का?