मदत हवी आहे: 390 जीबीचे गेम नवीन एसएसडीवर हलवायचे आहेत, पुन्हा डाउनलोड न करता

पिंगुळीचा:

नमस्कार मंडळी. मदत हवी आहे आणि जरा घाईने हवी आहे.

पुण्यात हॉस्टेलला असताना तिथल्या वायफायवर चार मोठे गेम उतरवून घेतले होते. आता शिक्षण संपवून कुडाळजवळ घरी आलोय. आमच्या वाडीत फायबर आलेलं नाही. मोबाइलच्या हॉटस्पॉटवर सगळं चालतं, दिवसाला 2 जीबी. लॅपटॉपमधली एसएसडी (डेटा साठवायची ड्राइव्ह) 512 जीबीची आहे, विंडोजमध्ये 476 दिसते, आणि त्यातले फक्त 9 जीबी शिल्लक आहेत. जागा नाही म्हणून विंडोजचं अपडेटसुद्धा अडकलंय.

गेम असे आहेत: रेड डेड रिडेम्प्शन 2 (स्टीम, 120 जीबी), विचर 3 (स्टीम, 55 जीबी), जीटीए 5 (एपिक, 105 जीबी. मे 2020 मध्ये एपिकने आठवडाभर फुकट दिला होता तेव्हा घेतलेला) आणि फोर्झा होरायझन 5 (एक्सबॉक्स अ‍ॅप, 110 जीबी). एकूण 390 जीबी. दिवसाला 2 जीबीने हे पुन्हा उतरवायचं म्हटलं तर 195 दिवस लागतील, तेही घरातल्या कोणीच नेट वापरलं नाही तर. म्हणून एकही गेम नव्याने डाउनलोड करावा लागू नये, एवढीच माझी अट आहे.

लॅपटॉपमध्ये एसएसडी बसवायचा एम.2 चा दुसरा स्लॉट रिकामा होता. काल बाजारातल्या दुकानातून 1 टीबीची एनव्हीएमई (वेगवान प्रकारची) एसएसडी बसवून आणली. पण 'धिस पीसी'मध्ये ती दिसतच नाही. दुकानदार म्हणतो बसवली आहे, बायॉसमध्ये (विंडोजच्या आधी उघडणाऱ्या मूळ सेटिंग्जमध्ये) दिसते. बायॉसमध्ये मीही पाहिली, नाव दिसतं.

दुसरी काळजी विचर 3 ची. तो मी आणि ताईने मिळून खेळलाय, तिचं लग्न व्हायच्या आधी. रोज रात्री जेवणं झाली की एक तास. सेव्ह (खेळ कुठवर आला याची नोंद) गेममधल्या स्केलिगे बेटांवर थांबलेला आहे. गणपतीत ती माहेरी येणार आहे, तेव्हा पुढे खेळायचं ठरलंय. तो सेव्ह गेला तर मला फार वाईट वाटेल. गेम हलवला की सेव्हही हलतो का? की उडतो?

घाटमाथा:

सोपं आहे. एसएसडी दिसायला लागली की गेमची फोल्डरं सी वरून कट करायची आणि डी वर पेस्ट. डेस्कटॉपवर नवीन शॉर्टकट काढायचा. मी जुने गेम असेच हलवलेत.

यंत्रवेडा:

@पिंगुळीचा, कृपया थांबा, कट-पेस्ट करू नका.

घाटमाथा म्हणतात ते लाँचर (गेम उतरवून चालवणारं अ‍ॅप) नसलेल्या जुन्या गेमना चालतं. स्टीम, एपिक आणि एक्सबॉक्स मात्र कुठला गेम कुठे ठेवलाय याची स्वतःची नोंद ठेवतात. तुम्ही परस्पर फोल्डर हलवलंत तर घर बदललं आणि रेशनकार्डावर पत्ता जुनाच राहिला, असं होईल. लाँचर जुन्या जागी बघेल, गेम सापडणार नाही, मग 'इन्स्टॉल' बटण दाखवेल. ते चुकून दाबलं गेलं की पूर्ण 120 जीबीचं डाउनलोड सुरू. तुमच्या परिस्थितीत हेच टाळायचं आहे.

आधी एसएसडी न दिसण्याचं बघू. बायॉसमध्ये नाव येतं म्हणजे ती नीट बसली आहे. कोऱ्या एसएसडीवर विभाग पाडलेला नसतो, म्हणून विंडोज तिला अक्षर देत नाही. स्टार्टवर राइट क्लिक करून 'डिस्क मॅनेजमेंट' उघडा. उघडताच 'इनिशिअलाइज डिस्क' असं विचारेल, तिथे जीपीटी निवडा. मग खाली काळी पट्टी आणि 'अनअलोकेटेड' दिसेल. त्यावर राइट क्लिक, 'न्यू सिंपल व्हॉल्यूम', पुढे पुढे जात एनटीएफएस निवडायचं आणि अक्षर डी द्यायचं. (डी आधीच दुसऱ्या कशाला असेल तर कुठलंही मोकळं अक्षर चालेल, पण एकदा दिलेलं अक्षर नंतर बदलू नका, लाँचरच्या नोंदी त्यावरच असतात.)

हे करताना कुठल्या डिस्कवर क्लिक करताय ते दोनदा बघा. नवीन डिस्कवर साधारण 931 जीबी लिहिलेलं असेल. 476 वाली तुमची विंडोजची आहे, तिला हात लावायचा नाही. 1 टीबीचे 931 का, असा प्रश्न पडेल म्हणून सांगतो: कंपनी हजाराच्या पटीत मोजते, विंडोज 1024 च्या. फसवणूक झालेली नाही.

पिंगुळीचा:

यंत्रवेडा दादा, डी दिसला! 931 जीबी. मनापासून आभार. आता पुढे काय करू? स्टीमपासून सुरुवात करू का?

निशिगंध:

हो, स्टीमपासूनच करा, तिथे सोय सगळ्यात चांगली आहे. स्टीमच्या सेटिंग्जमध्ये 'स्टोरेज'. वर सी दिसेल, त्याच्या बाणावर क्लिक करून 'अ‍ॅड ड्राइव्ह', मग डी. आता पुन्हा सी निवडा, खाली गेमची यादी येईल, विचरवर खूण करा आणि 'मूव्ह'. बाकी स्टीमच बघतं. एका वेळी एकच गेम हलवा आणि लहानापासून सुरुवात करा. म्हणजे 55 जीबीचा आधी. काही अडलंच तर लहान गेमवर कळलेलं बरं.

सेव्हबद्दल आधी धीर देते. विचर 3 चे सेव्ह गेमच्या फोल्डरमध्ये नसतातच. ते 'डॉक्युमेंट्स'मध्ये 'द विचर 3' नावाच्या फोल्डरमध्ये, 'गेमसेव्ह्ज'मध्ये असतात. गेम हलवला, अगदी काढून टाकला तरी ते जागेवर राहतात. तरीही आजच त्या फोल्डरची एक प्रत पेनड्राइव्हवर आणि एक डी वर ठेवा. थोडेच एमबी असतील. 'डॉक्युमेंट्स' वनड्राइव्हमध्ये वळवलेलं असेल तर फोल्डर वनड्राइव्हच्या आत सापडेल, तेवढं बघून घ्या. रेड डेडचे आणि जीटीएचे सेव्हही 'डॉक्युमेंट्स'मध्येच, 'रॉकस्टार गेम्स'खाली असतात. त्यांचीही प्रत काढा.

आणि पाऊस चालू आहे, तुमच्याकडे लाइट जात असणार. हलवायला घेण्याआधी बॅटरी पूर्ण भरा, लॅपटॉप झोपी जाणार नाही असं सेटिंग करा. मी चिपळूणची आहे, जुलैत काय होतं ते मला माहीत आहे.

पिंगुळीचा:

निशिगंध ताई, तुमचं ऐकून आधी सेव्हच्या प्रती काढल्या. तिन्ही गेमचे मिळून 200 एमबीसुद्धा झाले नाहीत. आता जीव भांड्यात पडला.

विचर हलला. गेम सुरू केला, सेव्ह जसाच्या तसा, स्केलिगेच्या बंदरावर. ताईला फोटो पाठवला.

रेड डेडला मात्र घाबरलो. सुरुवातीला वेग सेकंदाला 1 जीबीच्या वर होता, अर्ध्यावर एकदम 150 एमबीवर आला आणि तिथेच राहिला. एसएसडी खराब आहे का?

यंत्रवेडा:

खराब नाही. बऱ्याच एसएसडींमध्ये थोडा भाग वेगवान तात्पुरत्या साठ्यासारखा वापरतात. सलग शंभरेक जीबी ओतलं की तो साठा भरतो आणि मग खरा, संथ वेग दिसतो. थोडा वेळ रिकामी ठेवली की ती आतल्या आत डेटा जागेवर लावते आणि पुन्हा वेग येतो. गेम खेळताना मुख्यतः वाचन होतं, लिहिणं कमी, त्यामुळे खेळताना हा फरक जाणवणार नाही. दोन मोठ्या गेममध्ये अर्धा तास जाऊ द्या, एवढंच.

स्टीमचं मध्येच अडलं आणि 'फाइल लॉक्ड' वगैरे आलं तर बहुतेक वेळा अँटिव्हायरस नाहीतर मागे चालू राहिलेला गेम कारण असतो. लॅपटॉप रिस्टार्ट करून पुन्हा 'मूव्ह' द्या. अगदीच नाही जमलं तर हाताने करता येतं: स्टीम बंद करा, 'स्टीमअ‍ॅप्स'मधल्या 'कॉमन'मधलं गेमचं फोल्डर डी वरच्या 'कॉमन'मध्ये न्या, आणि त्याबरोबर त्या गेमची अ‍ॅपमॅनिफेस्ट फाइल डी वरच्या 'स्टीमअ‍ॅप्स'मध्ये न्या. विचरच्या फाइलच्या नावात 292030 हा आकडा असतो, रेड डेडच्या 1174180. ही छोटीशी फाइल म्हणजेच स्टीमची नोंद. ती मागे राहिली तर गेम असूनही स्टीमला दिसत नाही.

साधाप्रश्न:

मध्येच विचारतो, माफ करा. मला ऑनलाइन 2 टीबीची बाहेरून लावायची एसएसडी हजार रुपयांच्या आसपास दिसतेय. तिच्यावर गेम ठेवले तर चालतील का?

यंत्रवेडा:

घेऊ नका. त्या किमतीत 2 टीबी मिळूच शकत नाही. आत छोटं मेमरी कार्ड असतं आणि त्याला 2 टीबी सांगायला शिकवलेलं असतं. खरी जागा संपली की नवीन फाइल जुन्यांवर लिहिली जाते आणि सगळंच बिघडतं. कोणी आधीच घेतली असेल तर एच-टू-टेस्ट-डब्ल्यू नावाचं छोटं फुकट सॉफ्टवेअर पूर्ण ड्राइव्हभर लिहून परत वाचून बघतं, त्यात खरी क्षमता कळते. परत करायच्या मुदतीत तपासा.

चांगली बाहेरची एसएसडी मात्र गेमना चालते. यूएसबी 3 च्या पोर्टलाच लावा आणि फॉरमॅट एनटीएफएस ठेवा. फॅट32 वर 4 जीबीपेक्षा मोठी एक फाइल मावत नाही आणि आजकालच्या गेममध्ये तशा फाइल असतातच.

पिंगुळीचा:

रेड डेडही हलला. सी वर आता 184 जीबी मोकळे! विंडोजचं अपडेट अजून केलेलं नाही, ते नंतर एखाद्या दिवसाच्या डेटावर.

आता जीटीए. एपिकचं कसं करायचं?

निशिगंध:

मी वर्षानुवर्षं वापरतेय ती पद्धत सांगते, तीन संगणकांवर केली आहे. क्रम चुकवू नका.

आधी सी वरचं जीटीएचं अख्खं फोल्डर डी वर 'प्रत' नावाच्या फोल्डरमध्ये कॉपी करा. कट नाही, कॉपी. पूर्ण झाल्यावर दोन्ही फोल्डरांवर राइट क्लिक करून आकार आणि फाइलींची संख्या ताडून बघा. जुळली तरच पुढे. मग एपिकमधून जीटीए अनइन्स्टॉल करा. पुन्हा 'इन्स्टॉल' दाबा आणि जागा म्हणून डी निवडा. डाउनलोड सुरू होऊन डी वर नवीन फोल्डर तयार झालं की थांबवा आणि एपिक पूर्ण बंद करा, खाली घड्याळाजवळच्या चिन्हावरूनसुद्धा. बरेच लोक 'दोन-तीन टक्के होऊ द्या' म्हणतात. पण 105 जीबीचे दोन टक्के म्हणजे 2 जीबी, म्हणजे तुमचा दिवसभराचा डेटा! एवढं थांबू नका, फोल्डर दिसलं की पुरे.

आता 'प्रत'मधल्या फाइली त्या नवीन फोल्डरमध्ये हलवा, विचारलं तर 'रिप्लेस'. दोन्ही डी वरच असल्यामुळे हे काही सेकंदांत होतं आणि जास्तीची जागाही लागत नाही. मग एपिक उघडून 'रिझ्यूम'. तो आधी असलेल्या फाइली तपासतो आणि जे कमी असेल तेवढंच उतरवतो.

जीटीए बनवणाऱ्या रॉकस्टारचा स्वतःचा लाँचर सी वर आहे तो तसाच राहू द्या.

पिंगुळीचा:

ताई, गडबड झाली. 'रिझ्यूम' केल्यावर तपासणी पाच सेकंदांत संपली आणि पूर्ण 105 जीबीचं डाउनलोड सुरू झालं. 300 एमबी गेल्यावर लक्षात आलं, हॉटस्पॉट बंद केला. आता हात लावायची भीती वाटतेय.

निशिगंध:

घाबरू नका, फाइली कुठे जात नाहीत. पाच सेकंदांत तपासणी संपली म्हणजे त्याला फाइली दिसल्याच नाहीत. डी वरचं जीटीएचं फोल्डर उघडा. आत आणखी एक जीटीएचं फोल्डर आहे का?

पिंगुळीचा:

हो! अख्खं फोल्डरच आत टाकलं होतं, फाइली नाही.

निशिगंध:

मग तेच. एपिक बंद करा, आतल्या फोल्डरमधलं सगळं निवडून एक पायरी वर आणा, रिकामं फोल्डर काढून टाका. मग हॉटस्पॉट चालू करून 'रिझ्यूम'. या वेळी तपासणीला वेळ लागला पाहिजे. वेळ लागतोय म्हणजे बरोबर चाललंय.

पिंगुळीचा:

पंचवीस मिनिटं तपासणी चालली आणि शेवटी फक्त 140 एमबी उतरवले. जीटीए सुरू झाला! ताई, तुम्ही नसतात तर मी दीड-दोन महिन्यांचं डाउनलोड अंगावर घेतलं असतं.

राहिला फोर्झा. एक्सबॉक्स अ‍ॅपची फोल्डरं उघडायला गेलो तर परवानगी नाही म्हणतंय.

यंत्रवेडा:

त्या फोल्डरांच्या वाटेला जाऊच नका, ती मुद्दाम कुलूपबंद असतात आणि परवानग्या बदलायला गेलात तर गेम बिघडतो. अ‍ॅपमध्ये फोर्झावर राइट क्लिक, 'मॅनेज', मग 'फाइल्स', तिथे 'चेंज ड्राइव्ह'. डी निवडा. मधे बॅटरी संपू देऊ नका.

तिथलं काम झालं की अ‍ॅपच्या सेटिंग्जमध्ये नवीन गेमची जागाही डी करून ठेवा. स्टीममध्येही 'स्टोरेज'मध्ये डी ला 'डिफॉल्ट' करा, नाहीतर पुढचा गेम पुन्हा सी वरच जाऊन बसेल. आणि डी वर शंभरेक जीबी नेहमी मोकळे ठेवा. मोठ्या गेमचं अपडेट आलं की स्टीम फाइली दुसरीकडे बांधून मग बदलतं, त्याला तेवढी जागा लागते.

घाटमाथा:

कट-पेस्टचा सल्ला मागे घेतो. मला एपिकचा प्रकार माहीत नव्हता. माझाही जीटीए सी वरच आहे, या रविवारी मीही निशिगंध यांच्या क्रमानेच करणार आहे.

पिंगुळीचा:

फोर्झा हलला. संध्याकाळी लाइट गेली होती, पण बॅटरी भरलेली होती म्हणून काम मध्ये तुटलं नाही. सी वर आता 399 जीबी मोकळे आहेत. चारही गेमसाठी मिळून नेट खर्च झालं ते 1 जीबीच्या आत.

ताईला फोनवर सांगितलं. ती म्हणाली, कंट्रोलरचे सेल आणून ठेव.